लॅटरल सेफ आणि त्याची मोजमापं: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कोल्हापूर शहर आणि आसपासच्या तालुक्यांतून तारांच्या उपचाराबद्दल जे प्रश्न पुन्हापुन्हा येतात, त्यांतले सेफविषयीचे, म्हणजे डोक्याच्या बाजूने काढलेल्या एक्स-रेविषयीचे, इथे एकत्र केले आहेत. सुरुवातीचे बहुतेक पालकांचे आहेत, पुढचे इंटर्न आणि ऑर्थोचं (दात-जबडे सरळ करण्याच्या शाखेचं) एमडीएस करणाऱ्यांचे. एखादा मुद्दा दुसऱ्या उत्तरात आला असेल तर तिथला क्रमांक दिला आहे.

१. ओपीजी काढून झाला. आता डॉक्टर सेफ सांगतात. हा वेगळा एक्स-रे कशाला?

ओपीजीत दोन्ही जबडे एका पट्टीसारखे उलगडून दिसतात. अक्कलदाढ कुठे अडकली, सुळा आत आहे का, मुळं आणि हाड कसं आहे हे त्यात कळतं. पण वरचा जबडा खालच्याच्या किती पुढे आहे, पुढचे दात किती कलले आहेत, हे त्यावरून मोजता येत नाही.

लॅटरल सेफ हा डोक्याचा बाजूने काढलेला एक्स-रे. कानांत दोन दांड्या घालून डोकं स्थिर करतात आणि एक्स-रेची नळी चेहऱ्याच्या मध्यरेषेपासून ५ फुटांवर, म्हणजे १५२.४ सेंटिमीटरवर ठेवतात. १९३१ मध्ये अमेरिकेत ब्रॉडबेंट आणि जर्मनीत हॉफराथ यांनी एकमेकांपासून स्वतंत्रपणे ही पद्धत मांडली. सगळी किंमत त्या ठरलेल्या अंतराला आणि स्थिर डोक्याला आहे. त्यामुळेच आजचा सेफ दोन वर्षांनंतरच्या सेफशेजारी ठेवून फरक सांगता येतो.

२. मुलीचे फक्त दोन दात वाकडे आहेत. तरी सेफ काढायलाच हवा का?

नेहमीच नाही. दाढा नीट बसत असतील, ओठ सहज मिटत असतील, चेहरा बाजूने व्यवस्थित असेल आणि एखादा दात वळलेला किंवा छोटी फट एवढीच तक्रार असेल, तर सेफशिवाय काम होऊ शकतं.

वरचे दात बरेच पुढे आहेत, हनुवटी मागे किंवा पुढे आहे, पुढचे दात एकमेकांना टेकत नाहीत, दात काढायचा विचार चालू आहे, वाढीच्या वयात जबड्यासाठी उपकरण द्यायचं आहे किंवा शस्त्रक्रियेची शक्यता आहे, अशा वेळी मात्र सेफ हवाच. डॉक्टरांना सरळ विचारा: "या सेफवरून कोणता निर्णय ठरणार आहे?" याचं स्पष्ट उत्तर मिळायला हवं.

३. रेडिएशन किती? गळ्याला लेडचा पट्टा बांधला नाही, ते चुकलं का?

डिजिटल लॅटरल सेफचा डोस साधारण १० मायक्रोसिव्हर्टच्या आत असतो. जमीन, हवा, अन्न आणि आकाशातून येणारं नैसर्गिक रेडिएशन जगाच्या सरासरीने वर्षाला सुमारे २.४ मिलिसिव्हर्ट, म्हणजे दिवसाला साडेसहा मायक्रोसिव्हर्टच्या आसपास भरतं. एक सेफ म्हणजे फार तर दीड दिवसाचं नैसर्गिक रेडिएशन.

गळ्याचा पट्टा सेफमध्ये सहसा बांधत नाहीत, कारण तो मानेचे मणके झाकतो आणि कधीकधी हनुवटीची खालची कडही. मणके का लागतात ते प्रश्न १३ मध्ये आहे. खरं संरक्षण दोन गोष्टींत आहे: किरणांची चौकट गरजेपुरतीच ठेवणं आणि पहिल्याच वेळी एक्स-रे नीट येणं. दुसऱ्यांदा काढावा लागला की डोस दुप्पट होतो.

गरोदर असाल किंवा तशी शक्यता असेल तर आधी सांगा. पोटापर्यंत पोहोचणारा डोस नगण्य असतो, पण तारांचं काम तातडीचं नसतं. थोडं थांबलं तर काही बिघडत नाही.

४. सेंटरला जाताना दागिन्यांचं काय करायचं?

मानेपासून वरचा सगळा धातू घरीच काढून ठेवा. कारण समजलं की कंटाळा येत नाही, म्हणून एकेक सांगतो.

कानातली कुडी आणि वरच्या पाळीतली बुगडी जबड्याच्या सांध्यावर आणि कानाच्या छिद्राजवळ सावली टाकते. पोरिऑन हा बिंदू (प्रश्न ६) नेमका तिथेच शोधायचा असतो. चमकी किंवा नथ वरच्या जबड्याच्या पुढच्या टोकाजवळ येते. ठुशी, साज, मंगळसूत्र मणक्यांवर येतं. आंबाड्यातल्या पिना आणि क्लिपा कवटीच्या मागच्या भागावर पांढऱ्या रेघा ओढतात. चष्मा, काढता-घालता येणारी कवळी, श्रवणयंत्र हेही काढायचं.

लग्नसराईत नवी चमकी टोचून लगेच सेफला येणाऱ्या मुली बऱ्याच असतात, आणि ताजी टोचलेली चमकी काढता येत नाही. उपचार ठरलेला असेल तर टोचणं सेफनंतर करा. चंदगड किंवा राधानगरीहून येणाऱ्यांचा अख्खा दिवस वाचतो.

५. मशीनमध्ये उभं कसं राहायचं? ओठ मिटायचे की नाही?

पाय थोडे फाकून ताठ उभं राहायचं आणि समोर डोळ्यांच्या उंचीवर पाहायचं. आवंढा गिळून दाढा नेहमीसारख्या चावायच्या. जीभ सैल, ओठही सैल.

सर्वांत जास्त बिघाड ओठांत होतो. वरचे दात पुढे असलेलं मूल फोटोची सवय म्हणून ओठ ओढून मिटतं. हनुवटीवरचा स्नायू ताणला जातो, तिथे खडबडीत सुरकुत्या येतात आणि एक्स-रेत ओठ प्रत्यक्षापेक्षा आत बसलेले दिसतात. अशा सेफवरून ओठांचं मोजमाप केलं तर दात आत नेण्याची गरज कमी वाटते. सैल ओठांत फट राहत असेल तर राहू द्यावी. ती फटसुद्धा निदानाचा भाग आहे.

बऱ्याच डिजिटल मशीनमध्ये स्कॅनर चेहऱ्यावरून काही सेकंद सरकतो. त्या वेळात मुलाने आवंढा गिळला किंवा ते हललं तर हनुवटीची रेषा करवतीच्या पात्यासारखी दातेरी येते. अशा प्रतिमेवर एकही बिंदू लावू नये, ती बादच समजावी.

६. ट्रेसिंग म्हणजे नेमकं काय करतात?

सेफवर हाडांच्या आणि त्वचेच्या कडा काढायच्या, त्यांवर ठरलेले बिंदू लावायचे आणि बिंदू जोडून कोन आणि अंतरं मोजायची. हाताने करताना एक्स-रे व्ह्यूबॉक्सवर लावतात, वर खरखरीत बाजू असलेला पातळ अ‍ॅसिटेट कागद चिकटवतात आणि ०.५ किंवा ०.३ मिलिमीटरच्या पेन्सिलने रेघ ओढतात. कडेचे तीन संदर्भबिंदू आधी फुलीने नोंदवून ठेवावेत, म्हणजे कागद सरकला तर जुळवता येतो. संगणकावर आता हेच काम माऊसने होतं.

रोज लागणारे बिंदू असे. सेला (एस) हा पिट्युइटरी ग्रंथीच्या खोबणीचा मध्य. नेझिऑन (एन) म्हणजे कपाळाचं आणि नाकाचं हाड जिथे जुळतं त्या सांध्याचं सर्वांत पुढचं टोक. ए पॉइंट हा वरच्या जबड्याच्या पुढच्या बाकातला सर्वांत खोल बिंदू, बी पॉइंट तसाच खालच्या जबड्यातला. पोगोनिऑन हनुवटीचा सर्वांत पुढचा आणि मेंटॉन सर्वांत खालचा. गोनिऑन जबड्याच्या कोपऱ्यावर: खालच्या कडेला आणि उभ्या फांदीच्या मागच्या कडेला स्पर्शरेषा काढायच्या, त्यांच्या कोनाचा दुभाजक जिथे हाडाला भेटेल तिथे खूण करायची.

पोरिऑन (कानाच्या बाहेरील नळीची वरची कड) आणि ऑर्बिटेल (डोळ्याच्या खोबणीची सर्वांत खालची कड) जोडून फ्रँकफर्ट रेषा होते. इंटर्नची नेहमीची चूक म्हणजे मशीनच्या कानदांडीच्या ठळक गोलालाच पोरिऑन मानणं. दांडी मऊ भागात घुसते, तिचं टोक हाडाच्या वर-खाली असू शकतं. खरा पोरिऑन जबड्याच्या सांध्याच्या गोळ्याच्या मागे, साधारण त्याच्या माथ्याच्या पातळीवर शोधावा. तो ४ मिलिमीटर खाली लागला आणि ऑर्बिटेल ८० मिलिमीटर दूर असला, तर फ्रँकफर्ट रेषा जवळजवळ ३ अंशांनी तिरकी होते, आणि तिच्यावर बसवलेला प्रत्येक कोन तेवढाच चुकतो.

७. अहवालातल्या एसएनए, एसएनबी, एफएमए या आकड्यांचा अर्थ काय?

एसएनए (सेला, नेझिऑन आणि ए पॉइंट यांतला कोन) सांगतो, वरचा जबडा कवटीच्या तळाच्या तुलनेत किती पुढे आहे. स्टायनर यांच्या विश्लेषणात सरासरी ८२ अंश. एसएनबी तेच खालच्या जबड्याबद्दल, सरासरी ८०. दोन्हींतला फरक म्हणजे एएनबी, सरासरी २. तो बराच वाढला की क्लास दोन (खालचा जबडा वरच्याच्या मानाने मागे), शून्याखाली गेला की क्लास तीन (खालचा पुढे) असा कल धरतात.

एफएमए हा फ्रँकफर्ट रेषा आणि खालच्या जबड्याची कड यांतला कोन, सरासरी २५. तो जास्त असला की चेहरा लांबट, कमी असला की आखूड आणि चौकोनी. आयएमपीए म्हणजे खालच्या पुढच्या दाताचा जबड्याच्या कडेशी कोन, सरासरी ९०. वरच्या आणि खालच्या पुढच्या दातांतला कोन स्टायनर यांच्याकडे १३१ अंश आहे. दोन्हीकडचे दात पुढे झुकले की तो लहान होतो.

सरासरीपासून दोन-तीन अंशांनी सरकलेला आकडा म्हणजे आजार नव्हे.

८. एएनबी ६ आला आहे. म्हणजे जबड्याचं ऑपरेशन?

एकट्या एएनबीवरून असं कुणी ठरवत नाही, आणि ठरवूही नये. या कोनाचा शेंडा नेझिऑनवर आहे. नेझिऑन काही माणसांत पुढे असतो, काहींत मागे. जबडे होते तिथेच ठेवून नेझिऑन ५ मिलिमीटर पुढे धरला तर एएनबी दोनेक अंशांनी कमी होतो, मागे धरला तर वाढतो. दोन्ही जबडे मिळून खाली-मागे फिरलेले असतील तरीही तो वाढलेला दिसतो. सेला वर-खाली असेल तर एसएनए आणि एसएनबी दोन्ही एकत्र बदलतात, एएनबीवर मात्र फरक पडत नाही. म्हणून एसएनए ७६, एसएनबी ७४ असा अहवाल आला की दोन्ही जबडे मागे आहेत असं घाईने लिहू नका. आधी एसएन रेषेचा (सेला ते नेझिऑन) फ्रँकफर्टशी कोन बघा. तो साधारण ७ अंश असतो. १२ आला तर दोष रेषेत आहे, जबड्यांत नाही.

पडताळा म्हणून विट्स मोजतात. ए आणि बी पासून चावण्याच्या पातळीवर लंब टाकायचे आणि त्यांतलं अंतर घ्यायचं. जेकबसन यांनी १९७५ मध्ये मांडलेल्या या मापात स्त्रियांत दोन्ही लंब एकाच ठिकाणी, आणि पुरुषांत खालचा सुमारे १ मिलिमीटर पुढे पडतो. विट्सची कमजोरी वेगळी: ती चावण्याच्या पातळीवर अवलंबून आहे. ए आणि बी यांत ४० मिलिमीटर उभं अंतर धरलं, तर ती रेषा ५ अंशांनी चुकली की विट्स सुमारे साडेतीन मिलिमीटरने चुकते. ही रेषा दाढा आणि उपदाढा जिथे एकमेकांना भेटतात तिथून काढा, पुढच्या दातांवरून नको.

एएनबी आणि विट्स एकमेकांविरुद्ध बोलत असतील तर तिसरा साक्षीदार घ्या: नेझिऑनमधून फ्रँकफर्टला लंब टाकायचा आणि ए पॉइंट त्याच्या किती पुढे-मागे आहे ते बघायचं. मॅकनामारा यांच्या पद्धतीत तो ० ते १ मिलिमीटर पुढे अपेक्षित आहे. आणि मग रुग्णाला खुर्चीत सरळ बसवून बाजूने चेहरा बघायचा. आकडा आणि चेहरा जुळत नसतील तर आधी ट्रेसिंग तपासा.

९. चार दात काढायचे की नाही, हे सेफवरून कसं ठरतं?

ट्वीड यांचा हिशेब अजूनही शिकायला सर्वांत सोपा आहे. एफएमए, आयएमपीए आणि एफएमआयए (खालच्या पुढच्या दाताचा फ्रँकफर्ट रेषेशी कोन) मिळून त्रिकोण होतो, बेरीज १८०. आदर्श २५, ९० आणि ६५.

समजा एफएमए २५ आणि आयएमपीए १०० आहे. मग एफएमआयए ५५. तो ६५ करायचा तर खालचे पुढचे दात १० अंश मागे उभे करावे लागतील. दर अंशाला दोन्ही बाजू मिळून ०.८ मिलिमीटर जागा लागते, म्हणजे ८ मिलिमीटर. साच्यावर दातांची गर्दी ४ मिलिमीटर मोजली तर एकूण गरज १२. दोन खालच्या उपदाढा काढून साधारण १४ मिलिमीटर मिळतात. त्यांतली थोडी जागा दाढा पुढे सरकल्याने जातेच. हिशेब बसतो.

पण तोच रुग्ण पातळ ओठांचा आणि मोठ्या नाकाचा असेल, तर दात १० अंश मागे नेल्यावर चेहरा आत बसल्यासारखा दिसेल. अशा वेळी आयएमपीए ९५-९६ वर थांबवणं शहाणपणाचं. रिकेट्स यांच्या ई रेषेशी (नाकाच्या शेंड्यापासून हनुवटीपर्यंत) ओठ ताडून बघा, आणि ते सैल ओठांच्या सेफवरच (प्रश्न ५).

१०. एकाच सेफचे दोन ठिकाणी वेगळे आकडे आले. कोण चुकलं?

बहुतेक वेळा कुणीच मुद्दाम चुकलेलं नसतं. कोनांत एक-दोन अंशांचा फरक तर एकाच माणसाने दोनदा ट्रेस केलं तरी पडतो. मिलिमीटरमध्ये मोठा फरक असेल तर कारण जवळजवळ नेहमी कॅलिब्रेशन असतं.

चेहऱ्याची मध्यरेषा नळीपासून १५२.४ सेंटिमीटरवर आणि सेन्सर तिच्या १५ सेंटिमीटर मागे असेल, तर प्रतिमा सुमारे १० टक्के मोठी येते. खरं १० मिलिमीटर प्रतिमेवर ११ दिसतं. म्हणून नाकाजवळच्या दांडीवर पट्टीच्या खुणा असतात. सॉफ्टवेअरमध्ये त्यांतल्या दोन खुणांवर क्लिक करून अंतर भरायचं. हे न करता मोजलेले मिलिमीटर निरर्थक. कोनांवर मात्र या मोठेपणाचा परिणाम होत नाही.

दुसरं कारण व्हॉट्सअ‍ॅप. फोटो म्हणून पाठवला की प्रतिमा लहान होते, पट्टीच्या खुणा पुसट होतात, आणि कुणी कडा कापल्या तर पट्टीच जाते. व्ह्यूबॉक्सवर लावलेल्या फिल्मचा मोबाईलने तिरका फोटो काढला तर कोनही बिघडतात. सेंटरकडून मूळ डायकॉम फाइल मागा, निदान डॉक्युमेंट म्हणून पाठवायला सांगा.

११. खालच्या जबड्याच्या दोन कडा दिसतात. कोणती धरायची?

दोन्हींच्या बरोबर मधली. सेन्सरकडची बाजू कमी मोठी आणि रेखीव दिसते, दूरची जास्त मोठी आणि धूसर. म्हणून थोडं दुहेरीपण सरळ चेहऱ्यातही येतं.

जास्त असेल तर वर बघा. कानदांड्यांचे गोल एकमेकांवर बसत नाहीत, डोळ्यांच्या खोबण्याही दुहेरी आहेत, तर डोकं वळलेलं किंवा कललेलं होतं. वरचं सगळं जुळतंय आणि फक्त खालचा जबडा दुहेरी आहे, तर चेहऱ्यात खरी असमानता असू शकते. पुढचं प्रश्न १५ मध्ये.

१२. हे सरासरी आकडे आपल्या लोकांना लागू होतात का?

स्टायनर, डाऊन्स, ट्वीड यांचे आकडे अमेरिकेतल्या गोऱ्या लोकांवरून आलेले आहेत. आपल्याकडे दात आणि ओठ थोडे पुढे असलेला, तरीही देखणा आणि समतोल चेहरा सहज दिसतो. त्याला १३१ अंशांच्या (प्रश्न ७) साच्यात कोंबलं तर चांगला चेहरा बिघडतो. एमडीएस करणाऱ्यांनी आपल्या विभागात कोणती भारतीय सरासरी वापरतात ते विचारावं आणि अहवालात तिचं नाव लिहावं. नुसतं 'नॉर्मल' लिहिण्यात अर्थ नाही.

१३. मानेच्या मणक्यांवरून वाढ कशी ओळखतात?

दुसरा, तिसरा आणि चौथा मणका बघतात. सुरुवातीला तिन्हींची खालची कड सपाट असते. आधी दुसऱ्याला, मग तिसऱ्याला, मग चौथ्याला खालून खोलगट बाक येतो. तिसरा आणि चौथा आधी पाचरीसारखे, मग आडवे आयत, मग चौकोनी, शेवटी उभे आयत होतात. बाचेत्ती, फ्रँकी आणि मॅकनामारा यांच्या सहा पायऱ्यांत खालच्या जबड्याच्या वाढीचा जोर तिसऱ्या आणि चौथ्या पायरीच्या दरम्यान धरतात. ट्विन ब्लॉकसारखं, खालचा जबडा पुढे धरणारं उपकरण त्या सुमाराला दिलं तर फायदा जास्त.

दोन तज्ज्ञांनी बघितलं तरी पायरी एका घराने इकडेतिकडे होते. म्हणून शाळेतली उंचीची नोंद, मुलीची पाळी सुरू झाली का, मुलाचा आवाज फुटला का, हेही विचारा. फक्त हे बघण्यासाठी नवा सेफ काढू नये.

१४. सॉफ्टवेअर आपोआप बिंदू लावतं. त्यावर भरवसा ठेवायचा का?

पहिला मसुदा म्हणून ठेवा. सेला, मेंटॉन, पोगोनिऑन सहसा चांगले लागतात. पोरिऑन, ऑर्बिटेल, गोनिऑन आणि पुढच्या दाताच्या मुळाचं टोक प्रत्येक वेळी मोठं करून तपासा. मुळाचं टोक २ मिलिमीटर मागे-पुढे झालं की सव्वावीस मिलिमीटर लांबीच्या दाताचा कोन ५ ते ६ अंशांनी बदलतो, आणि प्रश्न ९ मधला पूर्ण हिशेब फिरतो. जास्त दात असलेल्या, टाळू दुभंगलेल्या किंवा हाडात प्लेट बसवलेल्या रुग्णांत सगळे बिंदू हाताने लावा.

१५. चेहरा एका बाजूला कललेला दिसतो. लॅटरल सेफमध्ये ते कळेल का?

नाही. डावी आणि उजवी बाजू त्यात एकमेकांवर पडतात. त्यासाठी समोरून काढलेला पीए सेफ लागतो, आणि शस्त्रक्रिया ठरत असेल तर सीबीसीटी (त्रिमितीय एक्स-रे स्कॅन). सीबीसीटीतून तयार केलेला सेफ मोठा झालेला नसतो, त्यामुळे त्याचे मिलिमीटर जुन्या सेफशी थेट ताडू नका.

१६. उपचाराच्या मध्ये किंवा शेवटी पुन्हा सेफ कशासाठी? जुना किती दिवस चालतो?

वाढत्या मुलाचा सहा महिन्यांहून जुना सेफ निदानाला वापरू नये. मोठ्या माणसाचा, मधे काही बदललं नसेल तर वर्षभराचा चालतो. मधला सेफ फक्त प्रश्न पडला असेल तरच: दात अपेक्षेपेक्षा जास्त आत गेले का, जबडा वाढला की दातच कलले.

दोन ट्रेसिंग सेलावर ठेवून एसएन रेषेत जुळवली की ढोबळ बदल दिसतो. पण नेझिऑन वाढीबरोबर पुढे सरकतो, त्यामुळे वाढत्या मुलात कवटीच्या तळाच्या पुढच्या भागातल्या कडा जुळवणं जास्त खात्रीचं. खालच्या जबड्यासाठी हनुवटीच्या आतली कड आणि नसेची नळी धरा. ब्यॉर्क यांनी जबड्यात धातूच्या बारीक पिना बसवून दाखवलं, की जबड्याची खालची कड वाढीत झिजते आणि भरते. ती जुळवली तर फिरलेला जबडा सरळ वाढल्यासारखा दिसतो.

१७. मुलगा जबडा पुढे सरकवून चावतो. सेफ कोणत्या स्थितीत काढायचा?

असं मूल तोंड उघडून हळू मिटताना पाहा. पुढचे दात आधी टेकतात आणि मग जबडा पुढे घसरतो. नेहमीसारखं चावून सेफ काढला तर एसएनबी वाढलेला, एएनबी उणे येतो आणि हाडाचा क्लास तीन असल्याचं निदान होतं. प्रत्यक्षात बिघाड दातांचा असतो.

जबडा हळूच मागे नेऊन पहिल्या स्पर्शापाशी मेणाचा पातळ चावा घ्या, तो दातांत ठेवून सेफ काढा, आणि सेंटरच्या चिठ्ठीवर 'मेणाच्या चाव्यासह' असं मोठ्या अक्षरात लिहा. नाहीतर टेक्निशियन मेण काढून टाकतो. या सेफमध्ये जबडा थोडा उघडा असल्याने एफएमए आणि चेहऱ्याची खालची उंची जरा वाढलेली येईल. ते वाचताना लक्षात घ्या आणि अहवालात नोंदवा.